चित्रात उजवा हात वर, मूर्तीत डावा, असं कसं?

प्रश्न: बाबांनी खूप वर्षांपूर्वी फ्रान्समधल्या जुन्या बाजारातून एक छापील चित्र आणलं होतं. उभा सांगाडा, अंगावर कातडीच्या चिंध्या, उजवा हात उंच करून मुठीत काहीतरी धरलंय. खाली बार-ल-द्यूक असं नाव आणि एकोणिसाव्या शतकातलं साल. नेटवर मूळ मूर्ती बघितली तर तिचा डावा हात वर! म्हणजे आमचं चित्र नकली का? आणि आई म्हणते असलं अभद्र घरात लावू नकोस.

उत्तर: नुसत्या हातावरून नकली ठरवू नका हो. ते बहुधा एचिंग असेल, म्हणजे ॲसिडने कोरलेल्या प्लेटवरून छापलेलं चित्र. त्यात तांब्याच्या प्लेटला मेणाचा थर देतात, त्यावर सुईने चित्र कोरतात मग प्लेट ॲसिडमध्ये घालतात, जिथे मेण निघालंय तिथे ॲसिड तांबं खातं, त्या खाचांत शाई भरून ओलसर कागद प्रेसमध्ये दाबला की छाप येतो, पण आरशासारखा उलटा. काही जण आधीच उलटं कोरायचे, तुमच्या चित्रकाराने समोर दिसलं तसंच कोरलेलं दिसतंय. चित्राभोवती प्लेट दाबल्याची चौकोनी खूण बोटाला लागते का बघा, आणि भिंगाखाली सलग रेघांऐवजी बारीक ठिपक्यांची जाळी दिसली तर मात्र ती नंतरची छपाई.

मूर्ती लिजिए रिशिए या शिल्पकाराची, साधारण 1547 ची, आज बार-ल-द्यूक या फ्रान्समधल्या गावातल्या सेंत-एतिएन चर्चमध्ये आहे. ती आहे ऑरेंज नावाच्या छोट्या संस्थानाचा राजपुत्र रने द शालों याची. तो 1544 मध्ये सें-दिझिए या फ्रेंच गावाच्या वेढ्यात तोफेने जखमी होऊन गेला, वय फक्त 25. गादी गेली 11 वर्षांच्या चुलतभावाकडे, तोच पुढे डच बंडाचा नेता झालेला विल्यम. रनेचा देह पुरला नेदरलँड्समधल्या ब्रेडाला, हृदय राहिलं बार-ल-द्यूकला, आणि मुठीत धरलंय ते हृदयच! मेल्यावर तीन वर्षांनी मी जसा दिसेन तसंच मला दाखवा असं तो म्हणाला होता, अशी आख्यायिका आहे.

आईंना एवढं सांगा, ही मूर्ती त्याच्या बायकोने, आन हिने, करवून घेतली असं मानतात. मांस गळालंय, पोट रिकामं आहे, तरी तो ताठ उभा राहून वर हृदयाकडे बघतोय, मला तर त्यात भीतीपेक्षा मायाच जास्त दिसते. तरी त्यांना नकोच वाटत असेल तर हट्ट करू नका, फाइलमध्ये ठेवा.

फक्त कडेचा कोरा कागद कापू नका, सेलोटेप लावू नका, फ्रेम केलीच तर ॲसिड-फ्री माउंट (चित्राला लावायचा ॲसिड नसलेला पुठ्ठा) घ्या आणि उन्हाच्या भिंतीवर लावू नका.