दुसऱ्या महायुद्धात ब्रिटनमध्ये पाव रेशनवर होता का?

नाही, युद्ध चालू असताना ब्रिटनमध्ये पावावर रेशन कधीच नव्हतं; ते आलं युद्ध संपल्यावर, २१ जुलै १९४६ ला, आणि जुलै १९४८ पर्यंत टिकलं. जानेवारी १९४० मध्ये बेकन, लोणी आणि साखर कुपनावर गेली, मागोमाग मांस, चहा, चीजही गेलं. पाव आणि बटाटे मात्र मुद्दाम मोकळे ठेवले. खाणीत राबणाऱ्याला आणि कचेरीत बसणाऱ्याला एकवेळ सारखंच लोणी देता येईल, पण दोघांची भूक सारखी नसते. उरलेलं पोट भरायला काहीतरी बिनकुपनाचं, स्वस्त हवंच होतं, म्हणून सरकारने अनुदान देऊन पावाचा भाव धरून ठेवला. माझ्या मते त्या सगळ्या व्यवस्थेतला हा सर्वांत शहाणा निर्णय.

मात्र मोकळा म्हणजे मनाजोगता नव्हे. गहू जहाजांनी यायचा आणि जर्मन पाणबुड्या ती बुडवत होत्या. त्यामुळे १९४२ पासून पांढरा पाव बंद करून 'नॅशनल लोफ' आणला: गव्हाचा सुमारे ८५ टक्के भाग पिठात, रंग करडा. लोकांनी त्याला भरपूर नावं ठेवली (त्यांच्या जागी आपण चपातीवाले असतो तर कदाचित तक्रारही केली नसती). १९४६ मध्ये जगभर धान्यटंचाई होती, त्यातच जर्मनीतल्या ब्रिटिश ताब्यातल्या भागालाही खाऊ घालायचं होतं. तेव्हा मात्र पावावरही कुपनं आली.