'यूथलेस' आणि मंडईतली जून गवार

प्रश्न आला तो व्हॉट्सॲपवर, रात्री साडेअकराला. मित्राची मुलगी इंग्रजी घेऊन एम.ए. करते आहे आणि तिला एका गोष्टीचं मराठी भाषांतर करायचं आहे. गोष्ट इंग्लंडातल्या, गिरणी बंद पडायला आलेल्या एका गावाची. त्यात 'यूथलेस' हा शब्द दोनदा येतो. एकदा मागापाशी उभ्या असलेल्या विशीतल्या बाईच्या चेहऱ्याबद्दल, आणि शेवटी त्या गावाबद्दल. पोरीनं दोन्हीकडे 'तारुण्यहीन' लिहिलं. मॅडमनी ते खोडलं नाही, समासात 'कसंतरी वाटतं' एवढंच लिहून वही परत दिली. "काका, चुकलंय काय ते सांगा. कोशात तर हेच आहे."

चुकलेलं काही नाही. पण मॅडमचं 'कसंतरी वाटतं' हेही खरं आहे, आणि ते का, हे शोधण्यात माझे दोन दिवस मजेत गेले.

'यूथफुल' हा शब्द इंग्रजीत पायलीला पन्नास. त्याच्या उलट असलेला 'यूथलेस' मात्र मोठ्या कोशातच सापडायचा, आणि तिथंही एका ओळीत: तारुण्य किंवा तरुणपणाची कळा नसलेला. बोलताना तो कुणी वापरत नाही. लिहिताना आलाच, तर लेखकानं तो मुद्दाम आणलेला असतो. मी प्रेसमध्ये प्रुफं वाचतो, त्यामुळे माझा पहिला संशय वेगळाच. हा 'रूथलेस' तर नव्हता ना? अक्षर-दोन अक्षरांचा फरक, आणि बिचारीचा चेहरा निर्दय व्हायचा. मी तिला मूळ पुस्तकाच्या पानाचा फोटो पाठवायला सांगितला. नाही, यूथलेसच होता. जाता जाता एक गंमत सांगतो. 'रूथ' म्हणजे दया. हा शब्द इंग्रजीतून जवळजवळ गेला, मागे राहिला तो 'रूथलेस'. म्हणजे दया गेली आणि निर्दयपणा उरला. 'यूथ'चं बरोबर उलट झालंय.

देवनागरीत लिहिलं की या शब्दाची आणखी एक फसगत होते. संस्कृतात 'यूथ' म्हणजे कळप. हत्तींच्या कळपाचा म्होरक्या तो यूथपती, आणि कळपातून चुकलेला तो यूथभ्रष्ट. या यूथाचा इंग्रजी यूथशी काडीचाही संबंध नाही. खरं नातं आहे ते 'युवन्'शी. इंग्रजीतला यंग, लॅटिनमधला युवेनिस, फारसीतला जवान आणि आपलं यौवन ही सगळी एकाच आजीची नातवंडं. लावणीतली ज्वानी आणि पोथीतलं यौवन अशी सख्खी चुलत भावंडं निघतात, हे मला फार आवडतं.

आता 'लेस'. पुष्कळांना हा 'कमी' या अर्थाचा लेस वाटतो. तो हा नव्हे. हा प्रत्यय ज्या जुन्या शब्दापासून आला त्याचा अर्थ मोकळा, सुटा, विरहित असा होता. जर्मनमधला 'लोस' त्याचा भाऊ आणि इंग्रजीतलाच 'लूज' त्याच्या घरातला. म्हणून कॅशलेस म्हणजे कमी रोख नव्हे, रोखीवाचून. आणि आपल्याकडे बघा. 'हीन' आलाय 'हा' या धातूपासून, 'रहित' आलाय 'रह्' या धातूपासून, आणि दोन्ही धातूंचा अर्थ सोडणे, टाकणे. तिकडेही सुटणं, इकडेही सुटणं. तेव्हा कोशकारानं 'तारुण्यहीन' दिला तो हाडाला हाड जुळवून दिला, त्याला दोष नाही.

अडचण अशी, की मराठीत 'हीन' आता नुसता 'विना' राहिलेला नाही. हीन दर्जाचा, हीन वागणूक, हीन अभिरुची. शब्दाला खालच्या पायरीचा वास लागलाय. 'तारुण्यहीन चेहरा' म्हटलं की मला तर भिंतीवर रंगवलेल्या जाहिराती आठवतात, गेलेली ताकद परत मिळवून देणाऱ्या. मॅडमना कसंतरी वाटलं ते बहुधा तिथंच.

मग जिवंत मराठीत 'लेस'ला काय म्हणतात? 'बिन'. वायरलेसला आपण 'बिनतारी' केलं, आणि काय झकास केलं! नान्नजची सीडलेस द्राक्षं गाड्यावर 'बिनबियांची' होतात. पण 'बिनतारुण्याचा' करून बघितलं आणि माझं मलाच हसू आलं. बिनपगारी, बिनकामाचा, बिनडोक... 'बिन' वस्तूला लागला तर काम करतो, माणसाला लागला की टिंगल नाही तर शिवी.

इथं थोडं थांबून शब्द नेमकं काय म्हणतो ते बघू. 'यूथफुल' म्हणजे नुसतं तरुण नव्हे. सत्तरीच्या म्हाताऱ्यालाही यूथफुल म्हणता येतं, किंबहुना त्यालाच जास्त म्हणतात. विशीतल्या पोराला सहसा कुणी यूथफुल म्हणत नाही, तो असतोच. मग 'यूथलेस'ही वयाचा शब्द नाही. नव्वदीच्या आजीला यूथलेस म्हणण्यात काही हशील नाही. तो विशेषण म्हणून टोचतो, तो जिच्याकडे तारुण्य असायला हवं होतं आणि नाही, तिला लावला तर. म्हणून म्हातारी, वयस्कर, प्रौढ हे सगळे इथं बाद. 'गतयौवना'ही बाद, कारण त्यात यौवन येऊन गेलंय. यूथलेसमध्ये ते गेलं की आलंच नाही, हे सांगितलेलंच नाही.

याचं आपल्याकडचं उदाहरण महाभारतात आहे. शुक्राचार्यांच्या शापानं ययातीला अकाली म्हातारपण आलं. त्यानं मुलांकडे तारुण्य मागितलं. यदू, तुर्वसू, द्रुह्यू, अनू यांनी नाही म्हटलं, धाकट्या पुरूनं दिलं. आपण सगळे बोलतो ते ययातीबद्दल. पण जो खरा यूथलेस, तो पुरू. वयानं पोरगा, आणि अंगावर बापाचं म्हातारपण. त्याला काय म्हणायचं यासाठी मी बराच वेळ शब्द शोधला. 'जराग्रस्त' म्हणता येईल, पण त्यात म्हातारपण आलेलं दिसतं, तारुण्य गेलेलं दिसत नाही.

शब्द शेवटी मिळाला तो आमच्या सोलापूरच्या लक्ष्मी मंडईत. गवार घ्यायला गेलो होतो. ढिगातली एक शेंग उचलून नुसता बघत राहिलो, तर विकणारी म्हातारी म्हणाली, "काय बघलालास बाबा, मोडून बघ की." मोडली. कट् आवाज होऊन दोन तुकडे झाले असते, तर कोवळी. ही वाकली, मोडताना शीर धाग्यासारखी लांब ओढली गेली आणि दोन तुकडे त्या धाग्यावर लोंबत राहिले. "जून हाय व्हय ती? ह्यातली घे," म्हणत तिनं दुसरी टोपली पुढं सरकवली. टोपलीमागं तिचा नातू सुट्टे पैसे मोजत होता. दहा-अकरा वर्षांचा असेल. एका गिऱ्हाइकानं दोन रुपये कमी दिले, तर त्यानं मान वर न करता ते परत मागून घेतले. म्हातारी माझ्याकडे बघून म्हणाली, "लई निबर हाय पोरगं." कौतुकानंच म्हणाली.

जून, निबर. दोन्ही शब्द भाजीचे आणि दोन्ही माणसाचे. भेंडी जून होते, काकडी निबर होते, म्हणजे कोवळेपण सरून आत धागा धरतो. 'जून' आणि 'जुना' मुळात एकच, पण जून गवार जुनी नसते, कालच तोडलेली असू शकते. म्हणजे हा शब्द वय सांगत नाही. तो कोवळेपण नसणं सांगतो. तिसरा शब्द 'थोराड', तोही याच जवळचा: 'पोरगी चौदाचीच, पण थोराड दिसते.' मात्र थोराडमध्ये अंगापिंडानं मोठं दिसणं येतं, राबून आलेला राठपणा येत नाही. 'पोक्त'मध्ये कौतुक आहे, शहाणपण आहे. गिरणीतल्या बाईच्या चेहऱ्याला पोक्त म्हटलं तर गोष्टच बिघडली.

सोलापूरच्या मंडईत हे एकाच भाषेत होत नाही. पद्मशाली, म्हणजे तेलुगू विणकरांच्या, घरातली बाई कोवळ्या भाजीला 'लेत' म्हणते, जूनला 'मुदुरु', आणि वयापेक्षा पुढच्या, बेरकी पोरालाही तेलुगूत मुदुरुच म्हणतात. कानडीत कोवळं ते 'एळे' आणि जून ते 'बलित'. तीन भाषांतल्या बायका आपापल्या शब्दानं शेंग मोडून बघतात, आणि भाजीवरचा शब्द पोरावर न्यायला तेलुगूलाही काही वाटत नाही, मराठीलाही नाही. 'तारुण्यहीन' हा शब्द मात्र या मंडईत कधीच कुणाच्या तोंडून निघणार नाही.

जुनं मराठी, बोलीतलं मराठी, तारुण्य नसणं विशेषणानं सांगतच नाही, असंही मला वाटतं. ते क्रियापदानं सांगतं. आमच्या ओळखीच्या एक बाई विड्या वळतात. आईशेजारी सूप मांडीवर घेऊन बसल्या तेव्हा पानं कापायच्या वयाच्या होत्या, आता बोटांना दोरा गुंडाळायची इतकी सवय झालीय की बोलताना नजर सुपावर नसते. एकदा त्यांना सहज विचारलं, तरुणपणी सिद्धेश्वराच्या जत्रेला जायचा का, गड्ड्यावर? म्हणाल्या, "तरणेपण कुठलं आलं आमच्यात? पोर होते, मग एकदम बाईच झाले." याचं इंग्रजी करायला कुणी बसला, तर त्याला 'यूथलेस' सापडायला हरकत नाही. आणि उलट दिशेनं येताना आपल्यालाही वाक्य मोडून 'तरणेपण आलंच नाही' असं म्हणायची मुभा असली पाहिजे. एका शब्दाला एकच शब्द द्यायचा, हा हट्ट भाषांतराला फार महाग पडतो.

आता दुसरं वाक्य, गावाचं. इथं 'तारुण्यहीन' सरळ चूकच आहे, कारण इथं 'यूथ'चा अर्थ बदललाय. इंग्रजीत यूथ म्हणजे तरुणपण, यूथ म्हणजे एखादा तरुण पोरगा, आणि यूथ म्हणजे सगळी तरुण मंडळीही. चाइल्डलेस म्हणजे जसं मूल नसलेलं, तसं यूथलेस गाव म्हणजे तरुण माणसं नसलेलं. 'तारुण्य' हा शब्द आपल्याकडे माणसांचा समूह कधी होत नाही. 'तारुण्य स्टँडवर उभं होतं' असं कुणी म्हणणार नाही. पण 'तरुणाई' होते! मुळात ती 'तरुणपण' या अर्थाची, आणि वर्तमानपत्रांनी तिला 'तरुण मंडळी' केलं. 'डीजेवर थिरकली तरुणाई' हा मथळा मी प्रुफात इतक्यांदा वाचलाय की हात आपोआप पुढं सरकतो. 12 जानेवारीला तर हमखास. तो राष्ट्रीय युवा दिन, आणि आमच्या गावी 1931 साली येरवड्यात फाशी गेलेल्या चार हुतात्म्यांचा दिवस. एकाच पानावर वर 'तरुणाई' आणि खाली मल्लप्पा धनशेट्टी, श्रीकिसन सारडा, कुर्बान हुसेन, जगन्नाथ शिंदे यांची नावं, असं पान मी दरवर्षी तपासतो.

तरीही 'तरुणाई नसलेलं गाव' मी सुचवणार नाही. त्यात डीजे ऐकू येतो. बंद गिरणीच्या गावाबद्दल बोलणारा माणूस तो शब्द वापरणार नाही. जुन्या गिरणीच्या आसपास राहिलेल्या कुणालाही विचारा, किंवा सोमवारी पहाटे पोरगं पुण्याच्या हुतात्मा एक्स्प्रेसला बसवून स्टेशनाबाहेर चहा घेत उभ्या असलेल्या बापाला विचारा. तो म्हणेल, "गावात तरणं माणूस ऱ्हायलं न्हाई." बस. प्रमाण भाषेत आणायचं तर 'तरणं माणूस न उरलेलं गाव'. 'ओस' किंवा 'ओसाड' नको, तिथं माणसंच नसतात. इथं माणसं आहेत, सगळी पारावर बसलेली आहेत.

तर पोरीला मी एवढं कळवलं. गावासाठी 'तरणं माणूस न उरलेलं'. चेहऱ्यासाठी 'विशीतच निबर झालेला चेहरा', आणि तो फारच राकट वाटला तर 'कोवळीक कधी नसलेला'. 'तारुण्यहीन' कुठंच नको, पण कोशातून काढूही नको, परीक्षेत विचारला तर तोच लिही.

काल तिचं उत्तर आलं. गावाचं वाक्य तिनं जसंच्या तसं घेतलंय. 'निबर'वर मात्र अडली आहे. "काका, मॅडम म्हणतील खेडवळ आहे." मी म्हटलं, गिरणीतल्या बाईचा चेहरा आहे, आणखी काय असणार? पटलेलं दिसत नाही. रविवारी तिला माझ्याबरोबर लक्ष्मी मंडईत यायला सांगितलंय, घरात गवारही संपलीच आहे.