वर्षं किती गेली यापेक्षा ती कुणामुळे गेली, हे आधी पाहा

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: चुलतभाऊ पतसंस्थेत कारकून होता. 2009 साली त्याच्यावर भादंवि (भारतीय दंड विधान) 420 आणि 471, म्हणजे फसवणूक आणि बनावट कागद खरा म्हणून वापरणं, याखाली गुन्हा दाखल झाला, दोन वर्षांनी दोषारोपपत्र आलं, आणि सांगलीच्या मॅजिस्ट्रेट कोर्टात अजून आरोपनिश्चितीही (कोणते आरोप चालवायचे हे कोर्टाने ठरवणं) झालेली नाही. केवळ विलंबाच्या मुद्द्यावर हा खटला संपवता येईल का?

येऊ शकतो. पण नुसती वर्षं मोजून नाही.

आधी एक गैरसमज दूर करतो, कारण या चर्चेत दोघांनी तुम्हाला तीन वर्षांच्या मुदतीचा मुद्दा सुचवलाय. फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम 468 मधली (नव्या नागरिक सुरक्षा संहितेत 514) तीन वर्षांची मुदत तुम्हाला लागू नाही. ती तीन वर्षांपर्यंत शिक्षा असलेल्या गुन्ह्यांसाठी आहे, आणि 420 ला सात वर्षं आहेत. शिवाय ती मुदत कोर्टाने गुन्ह्याची दखल घेण्यापुरती असते, खटला किती काळ चालावा यासाठी नाही.

तुमचा खरा आधार राज्यघटनेचं कलम 21, म्हणजे जीविताचा आणि व्यक्तिस्वातंत्र्याचा हक्क. माजी मुख्यमंत्री बॅरिस्टर अंतुले यांच्या खटल्यात 10 डिसेंबर 1991 रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने सांगितलं, की जलद न्यायाचा हक्क तपासापासून अपिलापर्यंत प्रत्येक टप्प्यावर असतो. त्याच निकालात हेही आहे की आरोपीने ‘खटला लवकर चालवा’ अशी मागणी केली नव्हती, एवढ्यावरून त्याचा हक्क जात नाही. मात्र सगळ्या खटल्यांना सरसकट ठरावीक मुदत घालून द्यायला कोर्टाने नकार दिला. पुढे काही निकालांनी अशा मुदती घातल्या, तेव्हा 2002 मध्ये पी. रामचंद्र राव प्रकरणात सात न्यायमूर्तींनी त्या मोडीत काढल्या. म्हणून इतकी वर्षं झाली एवढ्याच कारणावर मॅजिस्ट्रेट खटला बंद करू शकत नाहीत. फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम 258 खाली कामकाज थांबवता येतं, पण ते समन्स खटल्यांत, म्हणजे दोन वर्षांपर्यंत शिक्षेच्या गुन्ह्यांत. तुमचा त्याहून जास्त शिक्षेचा, म्हणजे वॉरंट खटला आहे. तुम्हाला उच्च न्यायालयातच जावं लागेल, जुन्या संहितेच्या 482 म्हणजे नव्या संहितेच्या 528 खाली (उच्च न्यायालयाचा अंगभूत अधिकार) किंवा रिट याचिकेने (मूलभूत हक्कासाठीची याचिका). ऑगस्ट 2025 पासून सांगलीसाठी मुंबई उच्च न्यायालयाचं कोल्हापूरचं सर्किट बेंच आहे, मुंबईची खेप वाचेल.

तिथे पहिला प्रश्न येईल: तारखा कुणामुळे पडल्या? रेल्वेमंत्री ललित नारायण मिश्र यांची हत्या जानेवारी 1975 मधली. 37 वर्षांनी, 2012 मध्ये, सर्वोच्च न्यायालयाने तो खटला रद्द करायला नकार दिला, कारण लांबणीत आरोपींच्या स्वतःच्या तहकुब्यांचाही मोठा वाटा होता. उलट बिहारमधल्या एका अभियंत्याचं लाचेचं प्रकरण पाहा. 1990 मध्ये उच्च न्यायालयाने सक्षम अधिकाऱ्याकडून तीन महिन्यांत तपास पुरा करायला सांगितलं होतं. आरोपीने 1998 मध्ये पुन्हा दार ठोठावेपर्यंत काहीच हललं नाही. ते प्रकरण 2009 मध्ये रद्द झालं. रक्कम किती, आरोप कोणता, यापेक्षा सरकार पक्षाला त्या आठ वर्षांचा हिशेब देता आला नाही हे निर्णायक ठरलं.

म्हणून सगळ्यात आधी पूर्ण रोजनाम्याच्या (कोर्टाच्या तारीखवार कामकाजाची नोंद) प्रमाणित नकलेसाठी अर्ज करा. ई-कोर्ट्सवर दिसणाऱ्या पुढच्या तारखांच्या यादीवर विसंबू नका, प्रत्येक तारखेला काय घडलं ते रोजनाम्यातच नीट कळतं. मग एकेक तारीख तपासा: भाऊ गैरहजर होता का, त्याच्या वकिलाने मुदत मागितली का, सहआरोपीला समन्स बजावलं गेलं नाही का, सरकारी वकील नव्हते का, न्यायाधीशाची जागा रिकामी होती का. अशा व्यवस्थेतल्या अडचणीही कोर्ट विचारात घेतं. प्रामाणिकपणे वरच्या कोर्टात दाद मागितली असेल, तर तो काळ तुमच्या माथी मारला जाऊ नये, हेही अंतुले निकालातच आहे. पण भावाविरुद्ध तीन-चारदा वॉरंट निघालं असेल, तर ते वकिलांपासून लपवू नका. समोरची बाजू ते पहिल्याच दिवशी वाचून दाखवेल.

दुसरं, नुकसान नेमकं दाखवा. ‘मानसिक त्रास झाला’ हे वाक्य प्रत्येक याचिकेत असतं. पतसंस्थेचं त्या वर्षांचं दप्तर आता उपलब्ध आहे का? बचावाचा कुणी साक्षीदार वारला का? निलंबन, अडकलेली बढती, पासपोर्ट, याचे कागद जोडा.

ठेवीदारांची बाजूही न्यायमूर्तींसमोर असेल, आणि ती असायलाच हवी. कुणाची आयुष्यभराची पुंजी बुडाली असेल तर केवळ उशिरावर खटला मिटवताना कोर्ट दहादा विचार करतं. त्यामुळे याचिकेत पर्यायी मागणी नक्की घाला: रद्द करणं शक्य नसेल तर ठरावीक महिन्यांत खटला पूर्ण करण्याचा आदेश द्यावा. अंतुले निकालाने हा मार्गही मोकळा ठेवलाय. आणि दोषारोपपत्रात भावाविरुद्ध मुळात पुरावाच तोकडा असेल, तर आरोपनिश्चितीपूर्वी दोषमुक्तीचा अर्ज मॅजिस्ट्रेटकडेच करता येतो का, हे वकिलांना विचारा. तो मुद्दा विलंबापेक्षा भक्कम निघू शकतो.