अमेरिकन बँडप्रमुख ग्लेन मिलरचा बँड सिनेमात खरंच दिसतो का, की फक्त त्यांची गाणी वापरलीत?

दिसतो की! दोन सिनेमांत अख्खा बँड पडद्यावर आहे: ‘सन व्हॅली सेरेनेड’ (1941) आणि ‘ऑर्केस्ट्रा वाइव्ह्ज’ (1942). गंमत म्हणजे मिलर स्वतःच्या नावानं येत नाही. पहिल्यात तो फिल कोरी, दुसऱ्यात जीन मॉरिसन. म्हणजे आद्याक्षरं तीच, जी. एम.!

कथा दोन्हींच्या यथातथाच. वेळ कमी असेल तर पहिल्यातलं ‘चॅटानूगा चू चू’ हे गाणं तेवढं बघा. टेक्स बेनेकी सॅक्सोफोन बाजूला ठेवून गातो, मग डोरोथी डँड्रिज आणि निकोलस बंधू नाचायला उतरतात. या रेकॉर्डच्या बारा लाख प्रती खपल्या, म्हणून फेब्रुवारी 1942 मध्ये कंपनीनं मिलरला सोनेरी तबकडी दिली. दुसऱ्या सिनेमात नायकाच्या ट्रम्पेटवर जाऊ नका. तो नुसता फुंकल्याचा अभिनय करतो, वाजवणारा जॉनी बेस्ट.

त्यानंतर मिलर सैन्यात गेला आणि 15 डिसेंबर 1944 ला इंग्लिश खाडीवर त्याचं विमान बेपत्ता झालं. 1954 चा ‘द ग्लेन मिलर स्टोरी’ हा चरित्रपट. त्यात मिलर झालाय जेम्स स्टुअर्ट. अनेकजण इथेच गफलत करतात, पण यात खरा मिलर नाही.