प्रकाश देणाऱ्या अवयवाला काय म्हणावं?

प्रश्न असा आहे : एका कथेतल्या काल्पनिक प्रजातीच्या कपाळापासून खांद्यांपर्यंत प्रकाश देणाऱ्या अवयवांची रांग आहे. हे जीव त्यांच्या साहाय्याने बोलतात, लग्नं लावतात, शोक पाळतात. या अवयवाला ‘प्रकाशेंद्रिय’ म्हणावं की ‘प्रकाशग्रंथी’? आणि ‘चमकणे’ हे क्रियापद सगळीकडे चालेल का?

‘प्रकाशेंद्रिय’ हा शब्द मला अर्धा आवडतो. आपल्याकडे श्रवणेंद्रिय, घ्राणेंद्रिय हे शब्द इतके रुळले आहेत की ‘प्रकाशेंद्रिय’ म्हटलं की प्रकाश जाणणारं इंद्रिय, म्हणजे डोळाच, आधी मनात येतो. पण इंद्रियं दोन प्रकारची असतात. पाच ज्ञानेंद्रियं, म्हणजे जाणणारी, आणि वाक् (वाणी), पाणी (हात), पाद (पाय), पायू (गुद), उपस्थ (जननेंद्रिय) ही पाच कर्मेंद्रियं, म्हणजे काम करणारी. तुमची प्रजाती प्रकाशाने बोलत असेल तर तो अवयव थेट ‘वाक्’च्या पंगतीत बसतो. तिच्या एखाद्या तत्त्वज्ञाच्या तोंडी ‘प्रकाश हे आमचं पहिलं कर्मेंद्रिय’ असं वाक्य शोभेल. वर्णनात मात्र हा शब्द वाचकाला दर वेळी चकवेल.

‘ग्रंथी’ म्हटलं की स्राव आला. काही सागरी जीव चमकणारा स्राव खरोखरच पाण्यात सोडतात. तुमचे जीव तसं करत असतील तर ‘दीप्तिग्रंथी’ अचूक, नाहीतर नको. ‘दीप्तांग’ सुचेल, पण तो बहुव्रीहीसारखा वाचला जातो : ज्याचं अंग उजळलेलं आहे तो. प्रजातीचं नाव म्हणून सुंदर, अवयवाचं म्हणून गैरसोयीचं.

माझी सूचना ‘दीप्तिपिंड’. मूत्रपिंड, स्वादुपिंड यांमुळे ‘पिंड’ शरीरशास्त्रात ओळखीचा आहे, आणि ‘जीवदीप्ती’मुळे, म्हणजे सजीवांनी स्वतः निर्माण केलेल्या प्रकाशाच्या नावामुळे, ‘दीप्ती’ही. शिवाय ‘त्याचा पिंडच तसा’ म्हणताना आपण स्वभावाबद्दल बोलतो. ज्या समाजात माणूस त्याच्या प्रकाशावरून ओळखला जातो, तिथे ही छटा फुकट मिळते.

हा झाला अभ्यासकाचा शब्द. ते जीव स्वतः ‘दीप्तिपिंड’ म्हणणार नाहीत, जसं आपण घरात ‘नेत्र दुखतोय’ म्हणत नाही. डोळा, कान, नाक, हात : रोजच्या अवयवांची नावं आखूड असतात. त्यांच्यासाठी मी ‘द्योत’ घेईन. ‘खद्योत’, म्हणजे काजवा, यातला हा ‘द्योत’ : आकाशात प्रकाशणारा तो खद्योत. पुल्लिंगी चालवा : एक द्योत, अनेक द्योत, द्योताला, द्योतांची. आणखी एक देणगी आहे. ‘द्योतक’ म्हणजे सुचवणारा, अर्थ उजळवणारा. उपसर्गांना स्वतःचा अर्थ असतो की ते धातूत दडलेला अर्थ फक्त उघड करतात, म्हणजे ते वाचक (अर्थ सांगणारे) की द्योतक, हा आपल्या व्याकरणातला जुना वाद. प्रकाशाने बोलणाऱ्या समाजात हा वाद किती जिवंत होईल! प्रकाश अर्थ सांगतो की फक्त दाखवतो?

खरी अडचण क्रियापदांची आहे, आणि इथे घाई करू नका. प्रकाशाबद्दलचे आपले किती शब्द आगीतून आलेत पाहा : पेटणे, तेवणे, विझणे, ज्योत, मशाल. जीवदीप्तीत आग नसते. काजव्याच्या पोटात ल्युसिफेरिन नावाच्या द्रव्याचा ल्युसिफेरेज या विकराच्या (एन्झाइमच्या) मदतीने ऑक्सिजनशी संयोग होऊन प्रकाश निर्माण होतो आणि त्यात उष्णता जवळजवळ नसते. प्रजाती पाण्याखाली राहत असेल तर तिने आग पाहिलेलीच नाही. मग तिच्या तोंडी ‘ज्योत’ कशी येईल?

म्हणून आधी अवयव कसा चालतो ते ठरवा. काजव्यासारखी रासायनिक क्रिया आतूनच चालू-बंद होत असेल तर ‘उजळणे’ आणि ‘मावळणे’ घ्या. काही माशांच्या डोळ्यांखालच्या अवयवांत प्रकाश देणारे जिवाणू राहतात आणि ते सतत प्रकाशतात. प्रकाश दिसू द्यायचा नसेल तर मासा त्यावर पापणीसारखा पडदा ओढतो किंवा अख्खा अवयव आत वळवतो. तिथे ‘विझला’ हे साफ चूक. ‘द्योत मिटला’, ‘द्योत उघडला’ म्हणा. ‘चमकणे’ क्षणिक झळकेसाठी राखून ठेवा, वीज चमकते तसं. लुकलुकणे, मिणमिणणे, लखलखणे यांत वेग आणि जोर यांचे फरक आयते आहेत. त्यांतून बोलीचे सूर घडवता येतील.

संस्कृतीसाठी दोन शब्द मला फार मोलाचे वाटतात. पहिला ‘आभास’. मुळात हा ‘भास्’, म्हणजे प्रकाशणे, या धातूचा. फोटुरिस गटातल्या काही काजव्यांच्या माद्या दुसऱ्या जातीच्या मादीचा संकेत नकलतात आणि फसून आलेल्या नराला खातात. अशा खोट्या प्रकाशाला, आणि म्हणून खोटं बोलण्याला, ‘आभासणे’ हे क्रियापद नेमकं बसेल. दुसरा शोकासाठी. ‘प्राणज्योत मालवली’ हे आपलं रूपक तिथे शब्दशः वाचलं जाईल, शिवाय आगही आणेल, ते टाळाच. जिवाणूंचा प्रकाश असेल तर धनी गेल्यावरही तो काही काळ राहू शकतो. त्या काळाला ‘संधिप्रकाश’ म्हणा, सूर्य गेल्यावर उरलेला उजेड या आपल्याच अर्थाने, आणि अंत्यविधी तेवढ्या वेळात बसवा.

लेखनाचं एक : ‘दीप्ती’ एकटी असताना दीर्घ, ‘जीवदीप्ती’तही दीर्घ, पण समासात पहिल्या जागी आली की ऱ्हस्व. म्हणून दीप्तिपिंड, दीप्तिग्रंथी.