जॅक्सन जमत नाही म्हणजे भौतिकशास्त्र सोडायचं का?

प्रश्न : मी भौतिकशास्त्राच्या पदवीच्या शेवटच्या वर्षाला आहे. पुढे सैद्धांतिक भौतिकशास्त्रात संशोधन करायची इच्छा आहे. विद्युतचुंबकीय सिद्धांतासाठी ‘जॅक्सन यांच्या पुस्तकाला पर्याय नाही’ असं सीनियर्स म्हणाले म्हणून तेच घेऊन बसले आणि पहिल्याच प्रकरणात ग्रीन फंक्शनपाशी अडले. मग ग्रिफिथ्स यांचं पुस्तक आणलं, पण ते ‘फार सोपं’ आहे असं ऐकल्यावर लांडाऊ यांचं उघडलं. आता टेबलावर पाच पुस्तकं आहेत आणि एकाचंही दुसरं प्रकरण संपलेलं नाही. बाबा म्हणतात, जमत नसेल तर अँटेना, दूरसंचार यांकडे वळ. मी कोणतं पुस्तक वाचू? आणि जॅक्सन समजत नाही म्हणजे हे क्षेत्र माझ्यासाठी नाही, असं समजायचं का?

उत्तर :

तुझ्या शेवटच्या प्रश्नाचं उत्तर आधी देते, कारण पत्रभर त्याचीच काळजी दिसते. नाही, तसं अजिबात समजायचं नाही. जॅक्सन यांचं पुस्तक १९६२ मध्ये आलं ते पदव्युत्तर विद्यार्थ्यांसाठी. पदवीच्या पातळीचा हा विषय वाचकाने एकदा पूर्ण केला आहे, असं ते गृहीत धरतं. म्हणून पहिल्या प्रकरणात ग्रीन फंक्शन येतं, तिसऱ्यात लजांद्र पॉलिनॉमियल आणि बेसल फंक्शन ही खास गणिती फलनं येतात, आणि मॅक्सवेलच्या समीकरणांची सविस्तर चर्चा थेट सहाव्या प्रकरणात होते. ज्याने आधी एक फेरी केलेली नाही, त्याला ही सुरुवात गणिताच्या डोंगरासारखी वाटणारच. तुझी अडचण वाचनाच्या क्रमाची आहे. कुवतीबद्दल त्यावरून काहीच ठरत नाही.

तू ग्रीन फंक्शनपाशी अडलीस, ही माझ्यासाठी पत्रातली सर्वांत उपयोगी माहिती. कागद घे आणि एक गोष्ट करून बघ. एका बिंदुप्रभाराचं क्षेत्र अंतराच्या वर्गाच्या व्यस्त प्रमाणात कमी होतं. त्या सदिश क्षेत्राचा डायव्हर्जन्स (एखाद्या बिंदूतून क्षेत्र किती बाहेर पसरतं त्याचं माप) गोलीय निर्देशांकांत सरळ काढलास तर उत्तर शून्य येतं. पण त्याच क्षेत्राचा एखाद्या गोलाच्या पृष्ठातून जाणारा फ्लक्स, म्हणजे पृष्ठातून एकूण किती क्षेत्र बाहेर जातं ते, काढलास तर तो शून्य येत नाही, गोल कितीही लहान घेतला तरी. डायव्हर्जन्स प्रमेय म्हणतं की दोन्ही उत्तरं जुळली पाहिजेत. मग चूक कुठे आहे? चूक नाही. सगळा डायव्हर्जन्स त्या एका बिंदूत एकवटलेला आहे आणि तो लिहायला डिराक डेल्टा फंक्शन लागतं. ही गोष्ट मनात पक्की बसली की ग्रीन फंक्शन म्हणजे ‘एका बिंदूतल्या उगमाला दिलेल्या बाउंडरी कंडिशन (सीमेवरच्या अटी) सांभाळून मिळणारं पोटेन्शियल (विभव)’ एवढंच उरतं. पुढे कितीही गुंतागुंतीचा प्रभार असो, तो बिंदूंची बेरीज म्हणून हाताळायचा.

डेल्टा फंक्शनपर्यंतचं हे सगळं ग्रिफिथ्स यांच्या पहिल्या प्रकरणात आहे, नेमकं याच क्रमाने. तू ते प्रकरण ‘गणित तर येतंच’ म्हणून ओलांडलं असावंस असं मला वाटतं. बरेच जण तसंच करतात.

म्हणून पहिल्या प्रश्नाचं उत्तर : ग्रिफिथ्स. १९८१ पासून हे पुस्तक शिकवलं जातं आहे. ते सोपं आहे ही अफवा त्याच्या भाषेमुळे पसरते. लेखक समोर बसून बोलावं तसं लिहितो, म्हणून वाचताना सगळं समजल्यासारखं वाटतं. खरी परीक्षा प्रकरणातल्या आणि प्रकरणाअखेरच्या गणितांत आहे. एक उदाहरण घे. एकसारखा प्रभार भरलेल्या भरीव गोळ्याची ऊर्जा काढ. एकदा अनंतापासून थरावर थर आणून, एकदा प्रभार आणि पोटेन्शियल यांच्या गुणाकाराचं इंटिग्रल करून, आणि एकदा क्षेत्राच्या वर्गावरून. तिन्ही उत्तरं सारखी यायला हवीत. तिसऱ्या वेळी फक्त गोळ्याच्या आतलं इंटिग्रल केलंस तर खऱ्या उत्तराचा सहावा भागच हाती लागेल, कारण सहापैकी पाच भाग ऊर्जा गोळ्याच्या बाहेर, मोकळ्या अवकाशात आहे. हे स्वतः काढल्यावर ‘ऊर्जा क्षेत्रात असते’ या वाक्याला जो अर्थ येतो, तो ते वाक्य नुसतं वाचून कधीच येत नाही. म्हणून माझा आग्रह आहे की उत्तरपुस्तिका गणित सोडवून झाल्यावरच उघड, आणि अडलीस तर निदान एक रात्र तरी गणित तसंच राहू दे.

पुस्तकाची बाराही प्रकरणं कर. अनेक अभ्यासक्रम सातव्या-आठव्या प्रकरणाशी थांबतात, आणि सैद्धांतिक भौतिकशास्त्राकडे जाणाऱ्याला जे सर्वांत जास्त लागतं ते नेमकं त्यानंतर येतं : नवव्यात तरंग, दहाव्यात विलंबित पोटेन्शियल (उगमातला बदल प्रकाशाच्या वेगाने, उशिरा पोचतो हे धरणारं) आणि गेज (क्षेत्र न बदलता पोटेन्शियल बदलण्याची मोकळीक), अकराव्यात उत्सर्जन, बाराव्यात सापेक्षता. शेवटच्या प्रकरणात विद्युत आणि चुंबकीय क्षेत्रं एकाच टेन्सरमध्ये (सदिशाच्या पुढच्या पायरीच्या राशीत) येतात, तेव्हा आधीची अकरा प्रकरणं वेगळी दिसू लागतात.

सोबतीला दोन पुस्तकं ठेव, पण पूर्ण वाचायला नव्हे. पहिलं पर्सेल यांचं. त्याच्या पाचव्या प्रकरणात स्थिर विद्युत आणि सापेक्षता यांच्यापासून निघून चुंबकीय बल कसं उभं राहतं, ते दाखवलं आहे. तारेतून करंट वाहतो आहे आणि तिच्या शेजारून एक प्रभार धावतो आहे. तारेच्या दृष्टीने पाहिलं तर बल चुंबकीय, प्रभाराच्या दृष्टीने पाहिलं तर तेच बल विद्युत. एवढं एक प्रकरण मन लावून वाच. जुनी आवृत्ती हाती आली तर त्यात गाउशियन (सेंटिमीटर-ग्रॅम-सेकंदावर आधारलेली) एककं आहेत. २०१३ ची तिसरी आवृत्ती मॉरिन यांनी एसआय एककांत आणली आहे.

दुसरं म्हणजे फाइनमन व्याख्यानांचा दुसरा खंड. तो कॅलटेकच्या संकेतस्थळावर मोफत वाचता येतो. त्याच्या सतराव्या प्रकरणात एक कोडं आहे. मोकळी फिरू शकणारी चकती, कडेला प्रभारित गोळ्या, मध्यभागी करंट वाहणारी कॉइल. सगळं स्थिर आहे. करंट थांबला की बदलत्या चुंबकीय क्षेत्रामुळे विद्युत क्षेत्र तयार होतं आणि चकती फिरू लागते. बाहेरून कोणी हात लावला नाही, मग कोनीय संवेग आला कुठून? फाइनमन तिथे उत्तर देत नाहीत, ते सत्ताविसाव्या प्रकरणात येतं. तू मात्र तिकडे धाव घेऊ नकोस. ग्रिफिथ्सचं आठवं प्रकरण झालं की स्वतः सोडवून बघ.

लांडाऊ-लिफ्शिट्झ यांचा दुसरा खंड मला मनापासून आवडतो, पण तो सापेक्षता आणि किमान क्रियेच्या तत्त्वापासून सुरू होतो. लॅग्रांजियन यामिकी आणि ग्रिफिथ्सचं बारावं प्रकरण झाल्यावर तो उघड. क्षेत्रसिद्धांताकडे जायचं असेल तर त्याच्याइतकी चांगली तयारी क्वचितच मिळेल. पदार्थांतली क्षेत्रं त्यात नाहीत, त्यासाठी आठवा खंड आहे.

आणि जॅक्सन? तो पदव्युत्तर पहिल्या वर्षासाठी ठेव. तेव्हा एक सूचना : तिसऱ्या आवृत्तीत पहिली दहा प्रकरणं एसआय एककांत आहेत आणि पुढची गाउशियनमध्ये. हे लक्षात न ठेवल्यास अकराव्या प्रकरणात ‘४π’ आणि प्रकाशाचा वेग ‘c’ अचानक वेगळ्या जागी दिसतील. शेवटी रूपांतराचा तक्ता आहे, तो वहीत उतरवून घे. जॅक्सनची गणितं फार लांबली तर झँगविल यांचं २०१३ मधलं पुस्तक जोडीला घे. पातळी जवळपास तीच, पण भौतिक अर्थ अधिक मोकळेपणाने सांगितलेला आहे. मॅक्सवेल यांचा १८७३ चा मूळ ग्रंथ अभ्यासासाठी घेऊ नकोस. आज आपण लिहितो त्या चार सदिश समीकरणांचं रूप त्यानंतर हेविसाइड आणि हर्ट्झ यांच्या हातून घडलं.

आता तुझ्या बाबांचं म्हणणं. अँटेनाचा मार्ग हा ‘जमलं नाही म्हणून’ घ्यायचा मार्ग नाही, हे त्यांना सांग. तिथेही हाच सिद्धांत लागतो. फरक कामाच्या सवयींत आहे. तिथे ट्रान्समिशन लाइन, वेव्हगाइड (तरंग वाहून नेणारी नळी), इम्पीडन्स मॅचिंग येतं, अचूक उत्तरापेक्षा चांगला अंदाज आणि प्रत्यक्ष मोजमाप यांना किंमत असते, आणि बरंच काम संगणकावर होतं. १९६६ मध्ये यी यांनी मांडलेली पद्धत, म्हणजे मॅक्सवेलची समीकरणं अवकाश आणि काळाच्या जाळीवर टाकून पायरी-पायरीने सोडवणं, आजही तिथे रोज वापरली जाते. त्या बाजूचं वाचायचं असेल तर पायाभूत गोष्टींसाठी सादिकू यांचं पुस्तक आणि अँटेनासाठी बलानिस यांचं.

हा निर्णय आज घेऊ नकोस. ग्रिफिथ्सच्या शेवटच्या चार प्रकरणांपर्यंत जा आणि स्वतःकडे लक्ष ठेव. नवव्यातले वेव्हगाइड आणि अकराव्यातलं द्विध्रुवाचं उत्सर्जन करताना ‘हे बनवून बघता येईल’ असं मनात येतं का? की दहाव्यातली गेजची मोकळीक आणि बाराव्यातला टेन्सर तुला जास्त वेळ धरून ठेवतात? कुठली गणितं तू कोणी सांगितलं नसतानाही करत बसतेस, ते वहीत टिपून ठेव. बाबांशी पुन्हा बोलायला बसशील तेव्हा ती वही समोर ठेव. उरलेली चार पुस्तकं तोवर कपाटात जाऊ देत.