वारस नोंदीचा अर्ज पडून राहिला, तर?

प्रश्न : वडिलांच्या निधनानंतर सातबाऱ्यावर वारस नोंद व्हावी म्हणून तलाठी कार्यालयात दिलेल्या अर्जावर दीड वर्षात ना फेरफार झाला, ना नकार आला. न्यायालयात जाता येईल का?

उत्तर : येईल. नकाराचा आदेश असता, तर महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ च्या कलम २४७ खाली अपील करता आले असते. येथे आदेशच नाही, आणि खरी अडचण तीच आहे. म्हणून आधी अर्जाची पोच जोडून तहसीलदारांना लेखी स्मरणपत्र द्यावे आणि तरीही हालचाल न झाल्यास राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खाली उच्च न्यायालयात रिट याचिका करावी. अशा प्रकरणी न्यायालय साधारणपणे ठरावीक मुदतीत निर्णय घेण्याचा आदेश देते. वारस कोण, हे मात्र ते स्वतः ठरवत बसत नाही, कारण फेरफार ही महसुली नोंद आहे, मालकीचा निवाडा नव्हे.